पिन मारलेली पानं

मी चौतीस वर्षं शाळेची लायब्ररी सांभाळली आणि त्या काळात माझं एकही पुस्तक हरवलं नाही. नऊ हरवली, पण ती सगळी मी रजेवर असताना. निवृत्त झाल्यावर घरात बसून भिंतींशी बोलण्यापेक्षा बरं, म्हणून मी हॉस्पिटलच्या मानसोपचार वॉर्डात पुस्तकांची ट्रॉली फिरवायचं काम घेतलं. मंगळवार आणि शुक्रवार, सकाळी दहा ते बारा. पगार नाही, चहा मिळतो, तोही गार.

ट्रॉली मूळची औषधांची. तिचं एक चाक कुरकुरतं, त्यामुळे मी येते आहे हे वॉर्डाला लिफ्टपासूनच कळतं. वॉर्ड बायकांचा, दुसऱ्या मजल्यावर, अठरा खाटांचा. तिथले डॉक्टर वयाने माझ्या भाच्याएवढे, पण पुस्तकांवर त्यांचा भारी विश्वास. केसपेपरवर गोळ्यांची नावं लिहून झाली की खाली लिहायचे : वाचन, रोज अर्धा तास. जेवणाआधी की नंतर, एवढंच लिहायचं बाकी ठेवायचे. पहिल्याच दिवशी ते मला म्हणाले, “कुणाला काय झेपेल ते बघून पुस्तक द्या. तुम्हाला पुस्तकंही कळतात आणि माणसंही.”

पुस्तकं मला कळतात. माणसांचं मी आत्ता काही बोलत नाही.

झेपेल ते द्या म्हणजे काय, हे मी माझ्या पद्धतीने ठरवलं. शाळेत आमच्या मोठ्या बाईंचा हुकूम होता की मुलींच्या हाती नको ती पानं पडता कामा नयेत. पुस्तक फाडायला मला जिवावर येई, म्हणून मी त्या पानांचा गठ्ठा धरून स्टेपलरने पिना मारायची. कडेला दोन, खाली एक. पुस्तक शाबूत, मुलगी शाबूत, नोकरी शाबूत. शाळेत मी प्रेमाची पानं बंद केली, इथे मरणाची करायला लागले. तळघरात मला एक खोली दिली होती, तुटक्या खुर्च्यांच्या शेजारची. तिथे बसून मी लोकांनी दान दिलेल्या कादंबऱ्या चाळायची. गोष्टीत कुणी खोकायला लागलं, कुणी निरोप घेऊन धावत आलं, की माझा हात स्टेपलरवर. मग पुढची पानं भराभर उलटत जायचं, गोष्टीतलं माणूस पुन्हा हसेपर्यंत. तेवढा गठ्ठा बंद.

ती पानं मी स्वतः वाचत नव्हते. वरवर नजर टाकायची आणि खटकन पिन मारायची. माझे हे तीन वर्षांपूर्वी गेले. त्याबद्दल मला इथे काही सांगायचं नाही, ओघात आलं म्हणून सांगितलं.

आता गंमत बघा. त्या वॉर्डात पट्टा चालत नाही, नाडी चालत नाही, काचेची बाटली चालत नाही. केसातले आकडेसुद्धा दारात काढून घेतात. आणि माझ्या ट्रॉलीवरून आठवड्यातून दोनदा शे-दीडशे लोखंडी पिना राजरोस आत जात होत्या. ते कुणाच्या डोक्यात आलं नाही. वॉर्डाच्या सिस्टरच्याही नाही आणि ती तर डोळ्यात तेल घालून असते. ही सिस्टर माझी जुनी विद्यार्थिनी. शाळेत खडू खायची, म्हणून तिचं नाव खडू. आता तिने नुसतं बघितलं तरी अठरा बायका मुकाट्याने गोळ्या गिळतात, पण मला ती अजून खडूच दिसते.

सात नंबरच्या खाटेवर एक बाई होती. कपडे शिवायचं तिचं स्वतःचं दुकान, म्हणून सगळ्या तिला टेलरबाई म्हणत. तिची एकोणीस वर्षांची थोरली मुलगी चार दिवसांच्या तापात गेली. मुलीसाठी शिवायला घेतलेला ड्रेस अर्धवट मशीनवरच राहिला. टेलरबाईने मशीनला हात लावायचं सोडलं, मग जेवायचं सोडलं, मग बोलायचं. आणि एक दिवस तिने स्वतःला संपवायचा प्रयत्न केला, तेव्हा नवऱ्याने तिला इथे आणलं.

दोन महिन्यांत ती बरीच सावरली होती. जेवायची, झोपायची. बोलणं मात्र ‘हो’, ‘नको’, ‘राहू दे’ एवढंच. येत्या सोमवारी तिला घरी सोडायचं ठरलं होतं. घरी तिची धाकटी होती, सहा वर्षांची. त्या पोरीने एका कागदावर चौकोन आखून आईला पाठवले होते, रोज एक खोडायचा, शेवटच्या चौकोनात दार आणि दारात दोन माणसं. कागद खाटेशेजारच्या भिंतीला चिकटवलेला होता. टेलरबाई रोज सकाळी एक चौकोन खोडायची आणि मग दात घासायला जायची.

पुस्तक घ्यायची तिची एक तऱ्हा होती. नाव बघायची नाही, चित्र बघायची नाही. पुस्तक हातात घेऊन पानांच्या कडेवरून अंगठा फिरवायची, कापडाचा पोत बघावा तसा. काही पुस्तकं परत ठेवायची, काही घ्यायची. मला वाटलं, शिवणकामातली बाई, चांगला कागद ओळखते. मी खडूला कौतुकाने हे सांगितलंसुद्धा.

त्याच आठवड्यात मंगळवारी तिने परत केलेली तीन पुस्तकं मी तळघरात आणून उघडली आणि बघतच राहिले. पाचही गठ्ठे उघडे. पिना गायब. कागदाला कुठे ओरखडा नाही, नुसती बारीक भोकं, शिवण उसवल्यावर कापडावर राहतात तशी. कुणी उसवलं हे सांगायला ज्योतिषी नको होता.

मी भडकले. माझ्या पिनेला आजवर कुणी हात लावला नव्हता, निदान मला तसं वाटत होतं. मी पाचही गठ्ठे पुन्हा बंद केले, या वेळी कडेला तीन आणि खाली दोन. वरून हाताने ठोकून बघितलं. डॉक्टरांना बोलले नाही, खडूला बोलले नाही. बोलायचं म्हणजे माझी पद्धत फसली हे कबूल करायचं, आणि तो माझा स्वभाव नाही. काढलेल्या पिना गेल्या कुठे, हा प्रश्न मला पडायला हवा होता. पडला नाही. रागात मला नेहमी स्वतःचंच दिसतं.

गुरुवारी दुपारी घरी फोन आला. खडू होती.

“बाई, एक विचारायचं होतं. तुमच्या पुस्तकांच्या पिना निघतात का हो?”

उचलली जीभ लावली टाळ्याला. “माझ्या पिना? चौतीस वर्षांत एक निघाली नाही. का गं?”

“काही नाही. बरं झालं सांगितलंत,” असं म्हणून तिने फोन ठेवला. मीही पुन्हा विचारलं नाही.

शुक्रवारी मी ट्रॉली घेऊन वर गेले तर सात नंबरची खाट रिकामी. गादी गुंडाळलेली, भिंतीवरचा चौकोनांचा कागद काढलेला. टेलरबाई नर्सच्या टेबलाजवळच्या खोलीत होती, ज्या खोलीचं दार लावत नाहीत आणि दारात एक आयाबाई खुर्ची टाकून बसलेली असते. टेलरबाई खाटेच्या कडेला बसली होती. तिने माझ्याकडे बघितलं, मग ट्रॉलीकडे, मग खाली.

“तिला पुस्तक नाही द्यायचं, बाई,” खडू म्हणाली. मला बाजूला घेऊन तिने सांगितलं. गुरुवारी गाद्या बदलताना टेलरबाईच्या उशीच्या खोळीत चॉकलेटच्या कागदाची पुडी सापडली. आत पंधरा पिना. अशा बाईजवळ पंधरा पिना, म्हणजे काय समजायचं? विचारलं तर म्हणाली, पुस्तकातल्या आहेत. “म्हणून तर तुम्हाला फोन केला. तुम्ही म्हणालात निघत नाहीत. मग टेबलावरच्या केसपेपरांतूनच काढल्या असणार तिने. पिना जमवल्या ते वेगळं आणि वर खोटं बोलली. डॉक्टर म्हणाले, आपण बरी झाली समजत होतो ती झालेली नाही. सोमवारचं रद्द केलं. उद्या सकाळी गाडी येतेय, मोठ्या हॉस्पिटलच्या बंद वॉर्डात हलवणार. तिथे दोन महिने तर लहान मुलांना भेटायलाही सोडत नाहीत.”

“नवऱ्याला कळवलं?”

“कळवलं. धाकटीला कसं सांगू म्हणून तो इथे तासभर बसून होता.”

मी ट्रॉली फिरवली, चार बायकांना पुस्तकं दिली, आणि खाली तळघरात येऊन खुर्चीवर बसले. चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात, ते माझ्यासमोर चाललं होतं आणि चोर मी होते. खोटं सांगणार नाही, पहिली पंधरा मिनिटं मी गप्प राहायचाच विचार करत होते. झाकली मूठ सव्वा लाखाची. ती बाई आजारी आहे, मोठ्या हॉस्पिटलात चांगले डॉक्टर असतात, आपण कोण मधे पडणारे, असं सगळं मी स्वतःला समजावून बघितलं. मग मला तो चौकोनांचा कागद आठवला. तो त्यांनी फेकला की जपून ठेवला, हे मला माहीत नव्हतं. त्यात तीनच चौकोन खोडायचे राहिले होते.

मी ती तीन पुस्तकं उचलली आणि जिन्याने वर गेले. लिफ्टची वाट बघितली असती तर माझा विचार बदलला असता, एवढी मी स्वतःला ओळखते.

डॉक्टर जेवायला बसायच्या तयारीत होते. खडू फाइली लावत होती. मी पुस्तकं टेबलावर ठेवली. “त्या पिना माझ्या आहेत. ती खरं बोलली, खोटं मी बोलले.”

दोघंही माझ्याकडे बघायला लागली. मी गठ्ठे दाखवले. नव्या पिनांच्या शेजारी जुनी भोकं. एका गठ्ठ्याला तीन पिना, गठ्ठे पाच. डॉक्टरांनी दिव्याखाली पान धरून प्रत्येक भोक बघितलं. पंधरा पिनांची तीस भरली.

“पण ही पानं बंद कशाला केली होती?” त्यांनी विचारलं.

“मरणाची आहेत. तुम्हीच म्हणाला होतात ना, झेपेल ते द्या.”

“मी पुस्तक निवडायला सांगितलं होतं, बाई. पानं बंद करायला नव्हतं सांगितलं.” ते रागावले नाहीत, त्याचा मला जास्त त्रास झाला. “आणि लोखंडी पिना? या वॉर्डात?”

माझी मान खाली. तेवढ्यात खडूला हसू फुटलं. नको त्या वेळी हसायची तिची शाळेतली खोड. “सॉरी डॉक्टर. पण बाई, तुम्हाला खरंच माहीत नाही? शाळेत आम्ही तीच पानं आधी वाचायचो, पिना न काढता, वरच्या उघड्या बाजूने डोकावून. कडेवरून अंगठा फिरवून बघायचो, कुठे पिना लागतात. पिना नसलेलं पुस्तक कुणी घरी न्यायचं नाही. तुमचं नाव पिनबाई होतं.”

चौतीस वर्षं मी ज्या मुलींना राखलं म्हणून स्वतःची पाठ थोपटत होते, त्यांना मी जागा दाखवून देत होते. अंगठा फिरवून बघायची तऱ्हा मला आता कळली. कागदाचा पोत कसला!

डॉक्टर जेवण तसंच ठेवून टेलरबाईच्या खोलीत गेले. मला म्हणाले, तुम्हीही चला. त्यांनी तिच्यासमोर स्टूल ओढलं आणि पुस्तकं तिच्या मांडीवर ठेवली. “पिना इथल्याच होत्या हे आम्हाला कळलं. तुमचं म्हणणं मी ऐकून घेतलं नाही, चूक झाली. आता मला एवढंच सांगा, जपून कशाला ठेवल्यात?”

तिने मांडीवरची पुस्तकं सारखी केली. मग म्हणाली, “टाकणार कुठे? इथे सगळ्या अनवाणी चालतात. कुणाच्या पायात गेल्या असत्या.”

“आणि काढल्यात कशाला?”

आता तिने माझ्याकडे बघितलं. आवाजात राग नव्हता, पण गिऱ्हाइकाने चुकीचं माप दिल्यावर सांगतात तसं तिने मला सांगितलं. “या पुस्तकात बाईचा मुलगा जातो. तो आजारी पडतो तिथपर्यंत पान उघडं आहे. मग पिना. आणि पिना संपल्या की पुढच्या पानावर ती हसते. मला हसलेलं नको होतं वाचायला. मधे काय झालं ते पाहिजे होतं.”

दोन महिन्यांत ती एवढं कधी बोलली नव्हती. डॉक्टर काही लिहीत होते ते थांबले. त्यांनी तिला अजून बरंच विचारलं, स्वतःला काही करायचा विचार येतो का, हेही सरळ विचारलं. ती म्हणाली, आधी यायचा, आता रोज येत नाही, आला तर सिस्टरला सांगेन. मग त्यांनी बाहेर येऊन गाडी रद्द करायला सांगितलं. सोमवारी लगेच सोडत नाही, म्हणाले, दोन दिवस आणखी बघतो आणि सगळं नीट असलं तर बुधवारी सोडतो. खडूने फाइलीतून चौकोनांचा कागद काढला. जपून ठेवला होता तिने. टेलरबाईने कुठूनशी पेन्सिल मागून घेतली आणि दाराच्या चित्राआधी दोन चौकोन वाढवले.

मला वाटलं, आता माझी ट्रॉली बंद. डॉक्टर म्हणाले, “ट्रॉली चालू राहील. पिना बंद. आणि अवघड पानं असतील ती कुणी एकटीने वाचायची नाहीत, सगळ्यांनी बसून वाचायची, सिस्टर असताना. दुखलं तर शेजारी माणूस पाहिजे.” हे एवढं साधं त्यांनी मला पहिल्या दिवशी सांगितलं असतं तर बरं झालं असतं. मी ऐकलं असतं की नाही, ते सोडा.

शनिवारी माझा वार नसताना मी गेले. वॉर्डाच्या मोठ्या टेबलावर खडूने स्टीलचा ट्रे ठेवला आणि ट्रॉलीवरची सगळी पुस्तकं मांडली. पिना उपसायला दोघीच, मी आणि टेलरबाई, आणि खडू डोक्यावर उभी. मी घरून आणलेल्या सुरीच्या टोकाने काढायला गेले तर खडूने सुरी काढून घेतली. टेलरबाई नुसत्या नखाने काढत होती. पाठीमागून पाय सरळ करायचे, पुढून उचलायची, ट्रेमध्ये टाकायची. मी एक काढेपर्यंत तिच्या चार होत होत्या.

“ओढू नका,” ती मला म्हणाली. “ओढलं की फाटतं.”

हळूहळू बाकीच्या बायका टेबलाभोवती येऊन बसल्या. कुणी काही वाचत नव्हतं. शेवटी ते मुलाचं पुस्तक आलं. तिने पाचही पिना काढल्या, भोकांवरून अंगठा फिरवला आणि मला विचारलं, “तुम्ही हे वाचलंय?”

मला ‘हो’ म्हणता आलं असतं. पण त्या आठवड्यातलं माझं खोटं बोलून संपलं होतं.

“नाही,” मी म्हणाले. “हे एक वाचलं नाही, बाकीचीही नाही वाचली. पेशंटसाठी म्हणून बंद केली, असं मी सगळ्यांना सांगते. माझे हे गेल्यापासून मला ती पानं वाचवत नाहीत.”

खडूने मागून एक खुर्ची सरकवली. “बसा, बाई.” मी बसले.

टेलरबाईने पुस्तक उघडलं आणि मोठ्याने वाचायला लागली. तिला सवय नव्हती, शब्द अडखळत होते, मधेच आवाज बसायचा. मुलगा पहाटे जातो. घर माणसांनी भरतं. सगळे आईला बसवून ठेवतात, पाणी पाजतात, रड म्हणतात, आणि तिला रडू येत नाही. दुपार होते. आणि गोठ्यातून गाय हंबरायला लागते. सकाळपासून तिचं दूध कुणी काढलेलं नाही, कास भरून दुखते आहे. गायीला कोण सांगणार? आई उठते, बादली घेते. दारातल्या दोघी एकमेकींकडे बघतात, म्हणतात, बघा हो, काळीज आहे की दगड. ती गोठ्यात जाऊन बसते आणि धार काढायला लागते. अर्धी बादली भरल्यावर तिच्या लक्षात येतं की आपण रडतोय. हात थांबलेले नाहीत आणि डोळेही थांबलेले नाहीत. दोन्ही एकदम करता येतं, हे तिला तोपर्यंत माहीत नव्हतं.

इथे टेलरबाईचा आवाज गेला. तिच्या गालांवरून पाणी वाहत होतं आणि बोट ओळीवर होतं.

आणि मी, पिनबाई, सगळ्या वॉर्डासमोर हमसून हमसून रडत होते. तीन वर्षांत पहिल्यांदा. ते गेले त्या दिवशी मी आल्यागेल्यांना चहा केला होता. घरात माझी नणंद म्हणाली होती, हिला काहीच कसं वाटत नाही? मलाही तेच वाटलं होतं, की मला काही वाटत नाही, म्हणजे माझ्यातच काहीतरी खोट आहे. तीन वर्षं मी ते धरून बसले होते. आणि माझ्या तळघरात, माझ्याच हाताने पाच पिना मारून ठेवलेलं, हे पान होतं.

खडूने माझ्या खांद्यावर हात ठेवला. “वाचन थांबवायचं का, बाई?”

मी मानेने नको म्हटलं. टेलरबाईने बाहीने तोंड पुसलं, पान उलटलं आणि पुढे वाचायला लागली.